नामदार गोखले : नगरपालिकेच्या खुर्चीपासून वरिष्ठ कायदे कौन्सिलापर्यंत

ज्युबिलीच्या मंगल प्रसंगी निघणाऱ्या पुस्तिकेत संतांची व मिशनरी धर्मगुरूंची चरित्रे असावीत, हे उचितच होय. तथापि प्रस्तुत लेखात आम्ही अशा एका पुरुषाचे चरित्र सांगण्याचे योजिले आहे की, जो ख्रिस्ती नव्हता; परंतु ज्याचे बालपण व विद्यार्थिदशा आपल्याच करवीर नगरीच्या आसपास गेली आणि ज्याच्या आयुष्यक्रमात आपणां श्रद्धावंतांस शिकण्यासारखे पुष्कळ आहे. ते पुरुष म्हणजे कै. नामदार गोपाळ कृष्ण गोखले होत.

हा विषय निवडण्याचे कारण प्रांजळपणे सांगतो. धर्मगुरूच्या नात्याने इतकी वर्षे लोकांत वावरताना आमच्या एक गोष्ट वारंवार ध्यानी आली आहे. मंदिराची डागडुजी असो, आजाऱ्याची शुश्रूषा असो, गरिबाच्या घरचे लग्न असो, आमची माणसे हाक मारताच धावून येतात. पण गावच्या कारभारात शिरण्याची, नगरसेवक म्हणून उभे राहण्याची किंवा आपल्या पेठेतील नळाविषयी व शाळेविषयी अधिकाऱ्यांस विचारणा करण्याची गोष्ट काढली की, तीच माणसे मान फिरवितात. तो चिखल आहे, त्यात शिरणाऱ्याचे पाय मळतात, असा त्यांचा समज असतो. एके काळी आमचाही काहीसा असाच समज होता. गोखल्यांचे चरित्र वाचल्यावर तो पुष्कळ अंशी दूर झाला.

गोपाळरावांचा जन्म ता. ९ मे १८६६ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील कोतळूक या गावी झाला. घराणे ताम्हणमळ्याचे, जमीन थोडी आणि उत्पन्न त्याहून थोडे. वडील कृष्णराव हे चाकरीसाठी घाट चढून आले आणि कोल्हापूर संस्थानातील कागल जहागिरीत कारकून झाले. पुढे त्यांस फौजदारीची जागा मिळाली. कागल आपल्या शहराच्या दक्षिणेस दहा-बारा मैलांवर आहे, हे वाचकांस सांगावयास नकोच. लहानपणीचे पहिले धडे गोपाळाने तेथेच गिरविले व १८७६ च्या सुमारास थोरले बंधू गोविंदराव यांजसह पुढील शिक्षणासाठी तो कोल्हापुरास आला. ज्यांस पुढे त्याने गुरू मानिले त्या न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचेही बालपण याच शहरात गेले होते, हा योगायोग लक्षात ठेवण्यासारखा आहे.

१८७९ साली कृष्णराव वारले. गोपाळ तेरा वर्षांचा, गोविंदराव अठरा वर्षांचे आणि घरात मिळविते कोणी नाही, अशी अवस्था झाली. गोविंदरावांनी आपले शिक्षण सोडून दरमहा पंधरा रुपयांची नोकरी धरिली व त्यांतील आठ रुपये ते धाकट्या भावाच्या शिक्षणासाठी कोल्हापुरास पाठवू लागले. उरलेल्या सात रुपयांत सारा संसार चालावयाचा. गोपाळ हाताने स्वयंपाक करी, आणि घरातील दिव्याचे तेल वाचावे म्हणून रस्त्यावरील कंदिलाच्या उजेडात अभ्यास करी असे सांगतात. त्याच्या लहानपणची आणखी एक गोष्ट पिढ्यान्‌पिढ्या शाळांतून सांगितली जाते. घरी सोडवावयास दिलेले एक अवघड गणित वर्गात एकट्या गोपाळाचे बरोबर आले. गुरुजींनी त्याची पाठ थोपटली, तेव्हा तो रडू लागला. ते उत्तर आपण दुसऱ्याच्या साह्याने काढिले होते, ही गोष्ट त्याने तेथेच कबूल केली. कथेतील तपशील काहीही असो. पुढील आयुष्यात त्या मुलाने केलेली एक फार मोठी कबुली पाहिली म्हणजे ही लहान कबुली खोटी वाटत नाही.

मॅट्रिकची परीक्षा उतरून १८८२ साली गोपाळराव आपल्या राजाराम कॉलेजात दाखल झाले. याच वर्षी मे महिन्यात व्हाइसरॉय लॉर्ड रिपन यांनी स्थानिक स्वराज्याचा प्रसिद्ध ठराव काढिला व गावोगावच्या नगरपालिकांत लोकांनी निवडलेली माणसे बसावीत असे धोरण आखिले. कोल्हापूरची नगरपालिका त्यापूर्वीच, म्हणजे १८५४ साली, स्थापन झाली होती. राजाराम कॉलेजातील त्या गरीब विद्यार्थ्यास हा ठराव एके दिवशी आपल्या उपयोगी पडेल अशी कल्पनाही नसेल. त्यांचे पुढील शिक्षण काही काळ पुण्याच्या डेक्कन कॉलेजात व अखेरीस मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात होऊन १८८४ साली, वयाच्या अठराव्या वर्षी, ते बी. ए. झाले.

ज्या घराने पोटास चिमटा घेऊन शिकविले त्या घरास आता सुखाचे दिवस दाखवावे, सरकारी नोकरी किंवा वकिली करावी, असे कोणासही वाटले असते. गोखल्यांनी प्रथम पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमध्ये शिक्षकाची जागा पत्करिली आणि १८८६ साली ते डेक्कन एज्युकेशन सोसायटीचे आजीव सभासद झाले. आजीव सभासदाने दरमहा पंचाहत्तर रुपयांवर वीस वर्षे अध्यापन करावयाचे, असा नियम होता. टिळक, आगरकर आदी मंडळींनी उभारलेल्या त्या संस्थेत गोखले गणित, इंग्रजी, इतिहास व अर्थशास्त्र शिकवीत. त्यांनी लिहिलेले अंकगणिताचे पुस्तक शाळांतून बहुत वर्षे चालले. थोरल्या भावाचे ऋण ते कधी विसरले नाहीत. गोविंदरावांच्या कुटुंबाचा भार त्यांनी आपलाच मानिला.

येथे चरित्रकाराने एक गोष्ट झाकून ठेवू नये. १८८७ साली, पहिली पत्नी असाध्य व्याधीने पीडित असता व ती हयात असता, वडील मंडळींच्या आग्रहाने गोखल्यांनी दुसरा विवाह केला. तत्कालीन हिंदू समाजात यास प्रतिबंध नव्हता. तरी सामाजिक सुधारणेचा पक्ष घेणाऱ्यास हे वर्तन शोभले नाही असे टीकाकार म्हणत, व त्यात तथ्य होते. आपल्या धर्माच्या दृष्टीने तर या गोष्टीचे समर्थन होऊच शकत नाही. थोर पुरुषही घरच्या दडपणापुढे वाकतात, एवढा बोध आपण यातून घ्यावा.

पुण्यात त्यांस न्या. रानडे हे गुरू लाभले. रानड्यांची शिकविण्याची तऱ्हा कडक होती. सरकारी अहवाल, जमाखर्चाची पत्रके, शेतसाऱ्याचे आकडे हे सारे वाचून, टिपून, त्यावर मजकूर लिहून शिष्याने आणावा. गुरूने तो तपासून एकेक वाक्य कसोटीस लावावे आणि ज्यास आधार नाही ते खोडावे. असे हे शिक्षण वर्षानुवर्षे चालले. आकडा ताडून पाहिल्याशिवाय तोंडातून काढावयाचा नाही, हा नियम गोखल्यांच्या हाडीमाशी खिळला तो येथेच. आणि तरीही एकदा तो त्यांच्या हातून मोडला, व त्यातूनच त्यांच्या आयुष्यातील सर्वांत कठीण प्रसंग उद्भवला.

१८९७ साली हिंदुस्थानच्या खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी कमिशनपुढे साक्ष देण्यासाठी गोखले विलायतेस गेले. त्यांची साक्ष नावाजली गेली. इकडे पुण्यात प्लेगने थैमान घातले होते आणि घरोघर झडती घेणाऱ्या गोऱ्या शिपायांच्या वर्तनाने लोक चिडून गेले होते. पुण्याहून आलेल्या पत्रांतील हकिगती वाचून गोखल्यांचे मन व्याकुळ झाले व शिपायांनी स्त्रियांवर अत्याचार केल्याचा आरोप त्यांनी तेथील वर्तमानपत्रातून जाहीरपणे मांडला. इतक्यात ता. २२ जून रोजी पुण्यात रँड साहेबांवर गोळी झाडली गेली आणि सारे वातावरण पेटले. गोखले परत आले, तेव्हा पुरावा मागण्यात आला. ज्यांनी पत्रे लिहिली होती ते पुढे येण्यास धजेनात. त्यांची नावे सांगून स्वतः मोकळे होण्याचा मार्ग गोखल्यांपुढे होता. तो त्यांनी पत्करिला नाही. आरोप सिद्ध करता येत नाही, सबब तो करावयास नको होता, असे म्हणून ऑगस्ट महिन्यात त्यांनी वर्तमानपत्रांतून बिनशर्त क्षमा मागितली.

या क्षमायाचनेने त्यांस काय मिळाले? सरकारपक्षाने त्यांस खोटारडे ठरविले आणि स्वजनांनी भ्याड म्हणून हिणविले. त्या वर्षाखेरीस अमरावतीस काँग्रेस भरली तेव्हा तेथेही त्यांच्याकडे अनेकांनी पाठ फिरविली. एकतीस वर्षांच्या त्या प्राध्यापकाचे सार्वजनिक आयुष्य संपले, असे शत्रूंप्रमाणे मित्रांसही वाटले. ज्यांनी पापनिवेदनाच्या कोठडीत गुडघे टेकले आहेत त्या आपल्या वाचकांस आम्ही विचारतो : बंद पडद्याआड, एका धर्मगुरूच्या कानी आपला दोष सांगणे आपणांस किती जड जाते! मग सर्व देशासमोर, दोन्ही बाजूंचे लोक दगड मारावयास टपलेले असता, चुकलो असे म्हणणे किती जड गेले असेल?

परंतु गोखले घरात बसून राहिले नाहीत. पुढल्याच वर्षी प्लेगच्या कामात त्यांनी स्वयंसेवक जमवून पुण्याच्या गल्लीबोळांतून रोग्यांची व त्यांच्या घरच्यांची व्यवस्था पाहिली. ज्यांनी नावे ठेविली त्यांच्याच दारी औषध व धीर घेऊन ते गेले. गेलेला विश्वास भाषणाने परत मिळत नाही, कामाने मिळतो, हे त्यांनी कृतीने दाखविले. अवघ्या दोन वर्षांत, १८९९ च्या अखेरीस, ते मुंबई इलाख्याच्या कायदे कौन्सिलात निवडून गेले.

त्या काळची निवडणूक आजच्यासारखी नव्हती, हे येथे थोडक्यात सांगणे अवश्य आहे. सर्वसामान्य माणसास मत नव्हते. १८९२ च्या कायद्यान्वये नगरपालिका, लोकल बोर्डे व तत्सम काही संस्था मिळून प्रांताच्या कौन्सिलात आपली माणसे धाडीत; आणि प्रांताच्या कौन्सिलातील बिनसरकारी सभासद आपल्यांतील एकास कलकत्त्याच्या वरिष्ठ कायदे कौन्सिलात, म्हणजे खुद्द व्हाइसरॉयच्या सभेत, निवडून देत. अशा प्रकारे गावचा नळ, प्रांताचा शेतसारा आणि देशाचा खजिना ही एकाच जिन्याची तीन पावले होती. मुंबईच्या कौन्सिलात गोखल्यांनी १९०१ साली जिल्हा नगरपालिकांच्या कायद्याच्या चर्चेत भाग घेतला. महाराष्ट्रातील गावांचा कारभार पुढे दीर्घकाळ याच कायद्याखाली चालला. त्याच वर्षी शेतकऱ्यांच्या जमिनीविषयीचे बिल लोकमताविरुद्ध पुढे रेटले जात असता सर फिरोजशहा मेहतांबरोबर तेही सभागृह सोडून बाहेर पडले. वर्षअखेर मेहतांनी मोकळी केलेली वरिष्ठ कौन्सिलातील जागा गोखल्यांस मिळाली. कौन्सिलाच्या सभासदास नामदार म्हणण्याचा प्रघात होता. गोपाळरावांच्या नावास ही पदवी अशी चिकटली की, आजही लोक त्यांस नामदार गोखले म्हणूनच ओळखतात.

आता वाचकांनी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. १९०२ साली फर्ग्युसन कॉलेजातून तीस रुपये निवृत्तिवेतनावर ते मोकळे झाले. आणि त्यानंतरच्या चार-पाच वर्षांत, ज्या काळात कलकत्त्यास ते साऱ्या साम्राज्याच्या अंदाजपत्रकाची चिरफाड करीत होते, त्याच काळात त्यांनी पुणे नगरपालिकेचे अध्यक्षपदही सांभाळिले. वर चढलेला माणूस सहसा खालच्या पायरीकडे ढुंकून पाहत नाही. गोखले हिवाळ्यात व्हाइसरॉयसमोर बसत आणि परत आल्यावर गटारे, दिवे, पाणी, जकात, देवी टोचणे व शाळा यांच्या कागदांत मान घालीत. प्लेगने पोळलेल्या शहरात हे काम शोभेचे नव्हते. त्यात वाहवा नव्हती, भांडणे मात्र पुष्कळ होती. थोडक्या गोष्टीत जो विश्वासू ठरतो त्यासच मोठ्या गोष्टी सोपवाव्या, अशी शुभवर्तमानाची शिकवण आहे. गोखल्यांनी तीत आपल्या परीने भर घातली, ती अशी की, मोठ्या गोष्टी हाती आल्यावरही थोडक्या गोष्टी सोडू नयेत.

ता. २६ मार्च १९०२ रोजी वरिष्ठ कौन्सिलात अंदाजपत्रकावर त्यांचे पहिले भाषण झाले. त्या वर्षी सरकारास सुमारे सात कोटी रुपयांची शिल्लक पडली होती व अधिकारी मंडळी आनंदात होती. नुकताच घोर दुष्काळ होऊन गेलेला, प्लेग चालू, आणि खजिन्यात शिल्लक! गोखल्यांनी सरकारचेच आकडे घेऊन दाखवून दिले की, ही शिल्लक प्रजेच्या भरभराटीची खूण नसून तिच्यावर गरजेपेक्षा अधिक कर बसविल्याची खूण आहे. त्यांचा विशेष रोख मिठावरील कराकडे होता. १८८८ पासून हा कर मणास अडीच रुपये होता. मीठ श्रीमंतास जितके लागते तितकेच, किंबहुना अधिक, घाम गाळणाऱ्या मजुरास लागते. म्हणून हा कर गरिबाच्या भाकरीवरचा कर होय. त्या सभागृहात सभासदास अंदाजपत्रकावर मत देण्याचा अधिकार नव्हता, ठराव मांडण्याचाही नव्हता. बोलणे एवढेच काय ते हाती होते. तरी वर्षामागून वर्ष ते बोलत राहिले. कर १९०३ साली दोन रुपयांवर, १९०५ साली दीड रुपयावर व १९०७ साली एक रुपयावर आला. हे सारे श्रेय एकट्या गोखल्यांचे असे आम्ही म्हणत नाही. परंतु आकड्यांनी बोलणारा मनुष्य सभागृहात असला म्हणजे राज्यकर्त्यांस कान बंद ठेवणे कठीण जाते, एवढे खरे.

१९०५ हे साल त्यांच्या आयुष्यातील कळसाचे म्हटले पाहिजे. त्या वर्षाच्या डिसेंबरात ते बनारस काँग्रेसचे अध्यक्ष झाले. परंतु आम्हांस त्याहून महत्त्वाची वाटते ती ता. १२ जून १९०५ ची पुण्यातील लहानशी घटना. फर्ग्युसन कॉलेजाच्या पाठीमागील टेकडीवर मोजक्या सोबत्यांसह त्यांनी भारत सेवक समाजाची स्थापना केली व सात व्रते घेतली. मनात देशास प्रथम स्थान द्यावे. सेवेतून स्वतःचा लाभ पाहू नये. जात व धर्म यांचा भेद न मानता सर्व हिंदवासीयांस बंधू समजावे. समाज जी काय निर्वाहाची सोय करील तीत समाधान मानावे. खाजगी आचरण शुद्ध ठेवावे. कोणाशी वैयक्तिक कलह करू नये. आणि समाजाच्या हिताकडे सदैव लक्ष ठेवावे. नव्या सभासदाने प्रथम पाच वर्षे अध्ययन व प्रवास करावा, अशीही शिस्त होती. आमच्या संन्यस्त संघांतील उमेदवारीची वर्षे, दारिद्र्याचे व्रत आणि आज्ञापालन ज्यांस ठाऊक आहे त्यांस या नियमांत ओळखीचे काही आढळेल. लोकांचे काम करावयाचे तर आधी मन तयार करावे लागते, हे सत्य त्या टेकडीवरही आपल्या रीतीने उमगले होते. तिसऱ्या व्रतात तर आपण ख्रिस्ती लोकही बंधू म्हणून आलोच.

आता आम्ही या चरित्राच्या गाभ्याशी येतो. १९०९ च्या सुधारणांनंतर कौन्सिलात ठराव मांडण्याचा अधिकार मिळाला. १९१० च्या फेब्रुवारीत गोखल्यांनी आफ्रिकेतील नाताळ वसाहतीकडे करारबंद मजूर पाठविणे बंद करावे असा ठराव मांडून तो संमत करविला. मार्चमध्ये त्यांनी प्राथमिक शिक्षणाचा प्रश्न हाती घेतला व ता. १६ मार्च १९११ रोजी आपले प्रसिद्ध बिल सभागृहापुढे ठेविले. त्या वर्षीच्या खानेसुमारीत हजार पुरुषांत साक्षर अवघे १०६ आणि हजार स्त्रियांत अवघ्या दहा आढळल्या होत्या.

बिलातील योजना पाहिली म्हणजे तिच्या मागे नगरपालिकेत बसलेला माणूस आहे हे तत्काळ कळते. साऱ्या देशावर एकदम सक्ती करा, असे त्यांनी म्हटले नाही. ज्या नगरपालिकेची किंवा लोकल बोर्डाची तयारी असेल, तिने सरकारच्या संमतीने आपल्या हद्दीत सहा ते दहा वर्षांच्या मुलांस शाळेत पाठविणे सक्तीचे करावे. मुलींस हा नियम मागाहून लावावा. खर्चाचा तिसरा हिस्सा त्या संस्थेने व दोन हिस्से सरकारने सोसावे. दरमहा दहा रुपयांहून कमी प्राप्ती असणाऱ्या आईबापांकडून फी घेऊ नये. इतकी सावध, इतकी बेताची योजना! देशाच्या सर्वोच्च सभेत जाऊन त्यांनी मागणी केली ती गावच्या नगरपालिकेस अधिकार देण्याची. जिन्याच्या शेवटच्या पावलावरून त्यांनी हात खाली दिला तो पहिल्या पावलावर उभ्या असलेल्या मुलासाठी.

ता. १९ मार्च १९१२ रोजी बिल फेटाळले गेले. विरुद्ध अडतीस, बाजूने तेरा. सरकारी सभासद एकजात विरुद्ध गेले, आणि खेदाची गोष्ट ही की, काही देशी सभासदांसही गरिबाचे मूल शाळेत गेले तर शेतात व घरात राबणार कोण, अशी चिंता पडली होती. गोखल्यांस हा निकाल आधीच दिसत होता. आपल्या पिढीने अपयश सोसूनच देशाची सेवा करावयाची आहे, यश पुढच्यांस मिळेल, अशा आशयाने त्यांनी आपले म्हणणे संपविले. त्यात कडवटपणा नव्हता.

आणि पुढे काय झाले? कागलच्या ज्या घाटगे घराण्याच्या जहागिरीत गोखल्यांचे वडील कारकुनी करीत होते, त्याच घराण्यात जन्मलेले यशवंतराव हे १८८४ साली दत्तक येऊन कोल्हापूरचे छत्रपती शाहू महाराज झाले होते. कलकत्त्यास जे बिल पडले त्यातील मूळ तत्त्व शाहू महाराजांनी १९१७ साली आपल्या संस्थानात अमलात आणिले. प्राथमिक शिक्षण मोफत व सक्तीचे झाले. मुलास शाळेत न पाठविणाऱ्या पालकास दरमहा एक रुपया दंड ठरला. महाराज व गोखले यांचे मार्ग एक नव्हते. बडोद्याच्या सयाजीराव महाराजांचा कित्ताही करवीरकरांपुढे होताच. तरीपण ज्या मातीत एक मुलगा आठ रुपयांत शिकला, त्याच मातीत गरिबाच्या मुलास शाळेचे दार कायद्याने उघडले, ही गोष्ट आम्हां कोल्हापूरकरांस अभिमानाची आहे. पुढल्याच वर्षी, १९१८ साली, विठ्ठलभाई पटेल यांच्या प्रयत्नाने मुंबई इलाख्यात नगरपालिकांस प्राथमिक शिक्षण सक्तीचे करण्याचा अधिकार देणारा कायदा झाला. साऱ्या देशभर सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलामुलीस शिक्षणाचा हक्क देणारा कायदा मात्र ता. १ एप्रिल २०१० पासून अमलात आला. पेरणारा १९१५ सालीच गेला होता.

अखेरच्या वर्षांत मधुमेहाने त्यांचे शरीर पोखरले होते. अशाही स्थितीत १९१२ साली ते दक्षिण आफ्रिकेत गेले व तेथील हिंदी मजुरांची दुःखे त्यांनी डोळ्यांनी पाहिली. पुढे तेथे सत्याग्रह पेटला तेव्हा त्यांनी पैसा जमविण्यासाठी देशभर झोळी फिरविली, आणि त्यांच्याच प्रेरणेने चार्ल्स अँड्र्यूज हे ख्रिस्ती पाद्री १९१४ च्या आरंभी गांधीजींच्या साह्यास तिकडे गेले. गांधीजी त्यांस आपले राजकीय गुरू मानीत, हे सर्वश्रुत आहे. १९१४ साली सरकारने देऊ केलेला सर हा किताब गोखल्यांनी नाकारिला. ता. १९ फेब्रुवारी १९१५ रोजी पुण्यास त्यांचे देहावसान झाले. वय पुरते एकोणपन्नासही नव्हते. ज्या लोकमान्य टिळकांशी पंचवीस वर्षे त्यांचा मतभेद चालला, ते सिंहगडावरून धावत आले आणि चितेपाशी उभे राहून त्यांनी आपल्या प्रतिस्पर्ध्याचा गौरव केला. आयुष्यभर विरोध केलेल्या माणसाच्या तोंडून ज्याची स्तुती निघते, त्याची हिशेबाची वही देवाच्या दारी निदान फाटकी नसेल, असे आम्हांस वाटते.

प्रिय वाचकहो, गोखल्यांच्या ठायी जन्मजात वैभव नव्हते, मोठ्या जमावास हलविणारी वाणी नव्हती, शरीरसामर्थ्य नव्हते. होते ते तीन गुण : काम हाती घेण्यापूर्वी त्याचा अभ्यास, चूक झाली असता ती पदरी घेण्याचे धैर्य, आणि लहान कामाची लाज न बाळगणे. हे तिन्ही गुण कोणाही सामान्य माणसास साधण्यासारखे आहेत. आपल्यांतील कोणी शिक्षक आहे, कोणी कारखान्यात आहे, कोणी दवाखान्यात सेवा करते. १९७२ पासून आपल्या शहराची महानगरपालिका झाली आहे; तिच्या निवडणुकीत प्रौढ स्त्रीपुरुषांस मत आहे आणि तिच्या शाळांतून गरिबांची मुले शिकत आली आहेत. जो अधिकार मिळावा म्हणून गोखले झिजले, तो आपणांस न झिजता मिळाला आहे. तो वापरण्याची आपणांस लाज का वाटावी? पूर्वी मुंबईच्या जोसेफ बाप्टिस्टा या आपल्या धर्मबंधूस ती वाटली नाही; तेथील महापालिकेत वर्षानुवर्षे बसून १९२५ साली ते तिचे अध्यक्ष झाले.

चिखलात पाय मळतात हे खरे. पण प्रभू येशूने शेवटच्या भोजनाच्या रात्री हातात घेतले ते शिष्यांचे मळलेले पायच होते. ज्युबिलीच्या या वर्षी आपल्या धर्मग्रामातून एखादी तरुण व्यक्ती उठावी, आपल्या पेठेतील शाळेत किती मुले येत नाहीत याची नीट मोजणी तिने करावी, आणि तो कागद घेऊन तिने महानगरपालिकेची पायरी चढावी. इतके झाले तरी हा लेख लिहिण्याचे आमचे श्रम सार्थकी लागले असे आम्ही समजू. परमेश्वर आपणां सर्वांस सद्‌बुद्धी व बळ देवो.